थोरल्यांचा पिवळा देश

आमच्या थोरल्या दिरांनी एक देश शोधून काढला होता. शोधून म्हणजे घरच्या सोप्यात बसून. त्यासाठी ते सांगलीबाहेर पडले नव्हते, कारण बाहेर पडायचं तर वहाणा घालाव्या लागतात, आणि कुणीतरी आणून पायाशी ठेवल्याशिवाय थोरल्यांना वहाणा सापडत नसत. त्या देशाला त्यांनी एक लांबलचक संस्कृत नावही दिलं होतं. ते मी इथं लिहीत नाही. चार मूर्खांनी ते पाठ केलं, तेवढं पुरे झालं.

ही लढाईच्या दिवसांतली गोष्ट. सांगलीहून हरिपूरकडं जाणाऱ्या वाटेवर आमचं घर होतं, आणि घर हळदीचं. फाल्गुनात हळद निघाली की शिजवायच्या भल्यामोठ्या कढईखाली, काईलीखाली, जाळ पेटायचा. हळद शिजायची, वाळायची, मग बायका ती घोळून घोळून साफ करायच्या, आणि शेवटी ती हरिपूरच्या पेवांत, म्हणजे जमिनीखालच्या खोल खड्ड्यांत, साठवायला जायची. त्या तीन-चार महिन्यांत आमच्या घरात पिवळं नाही असं काही नसे. भाकरीला पिवळी बोटं उमटलेली, उशा पिवळ्या, गाईच्या पाठीवर थाप मारली तर तिथंही पिवळा पंजा. हे सगळं काम माझे यजमान बघत. थोरले बघत नसत. त्यांच्या इंग्रजी चार यत्ता झाल्या होत्या, आणि ‘ह्यो शिकलाय, ह्याला काम सांगायचं न्हाई’ असं आमचे सासरे एकदा म्हणून गेले होते. सासरे वारले, पण तो हुकूम काही वारला नाही.

माझं माहेर विट्याचं. वडिलांनी मद्रासकडं सोनं गाळायचा धंदा केला आणि वय झाल्यावर गावी येऊन परड्यात एक लहानशी भट्टी ठेवली. माझ्या लग्नाचं बोलणं करायला थोरले आले ते मला बघायचं सोडून त्या भट्टीपाशीच उकिडवे बसले. वडिलांनी मुशीत जुन्या दागिन्यांचं सोनं टाकलं, वर चिमूटभर टाकणखार टाकला. मळ वर आला आणि खाली रस लखलखला. आता हाच टाकणखार आमच्या सासूबाई लिंबाच्या रसाबरोबर हळदीत घालून घरचं कुंकू करत. पिवळी हळद बघता बघता लाल होते, हे आमच्याकडं शेंबड्या पोरालाही ठाऊक. पण थोरल्यांनी मूस आणि कुंकू एकाला एक जोडलं, आणि माझ्या माहेरच्या परड्यातच त्यांचं डोकं फिरलं. तेवढ्यात माझं लग्न जमलं. ‘ह्ये खूळ तुज्या म्हायेरनं आलंय,’ असं सासूबाई पुढं जन्मभर मला ऐकवत राहिल्या.

तर त्या देशाचं तत्त्वज्ञान असं. जगात धातू म्हणून काही नाहीच, आहेत ते फक्त रंग. लोखंड म्हणजे झोपलेला काळा. तांबं म्हणजे जागा झालेला तांबडा. चांदी म्हणजे विचारात पडलेला पांढरा. आणि सोनं म्हणजे ज्याला सगळं कळून चुकलं असा पिवळा. एका रंगाला दुसऱ्या रंगात न्यायची विद्या त्या देशातल्या लोकांना येत होती, आणि ती धातूंना लागू तशी माणसांनाही लागू. माणूस जन्मतो लोखंडाचा, तरुणपणी रागानं तांबडा होतो, वयानं पांढरा होतो, आणि हजारांत एखादा जिवंतपणी पिवळा होतो. जो पिवळा झाला तो मरत नाही. लोक त्याला पाटावर बसवतात, आणि तो ज्याच्याकडं बघेल त्याच्या घरचं लोखंड हळूहळू सोन्याकडं सरकू लागतं. तिथं जातपात नाही, सावकार नाही, कोर्टकचेरी नाही. पाहुणा आला तर त्याला एवढंच विचारतात, ‘तुझा रंग कुठवर आला?’ तिथं एक नदीही होती. पाच गावांतून जाताना ती पाच रंग बदलायची, आणि शेवटच्या गावाच्या घाटावर धुणं धुवायला बंदी होती. मी एकदा दाराआडून विचारलं की, मग त्या गावच्या बायका धुणं धुतात कुठं? थोरले म्हणाले, ‘हा प्रश्न लोखंडाचा आहे.’

बोलाचाच भात नि बोलाचीच कढी, पण जेवायला माणसं येत. त्यांतले दोघं रोजचे. एक पेन्शनीत निघालेले सुभेदार, मूळचे साताऱ्याकडचे. पहिल्या लढाईत बसऱ्यापर्यंत जाऊन आलेले, आणि तिथून त्यांनी आणलं काय, तर दोन शब्द. थोरले काहीही बोलले की सुभेदार म्हणत, ‘बिलकुल सही.’ दुसरे एक ड्रॉइंग मास्तर. त्यांनी त्या देशाचा नकाशा रंगवायला घेतला. लढाईमुळं बाजारात रंग मिळेनात, निळा तर अजिबातच मिळेना, म्हणून मास्तरांनी समुद्र हिरवा करून टाकला. पुढच्याच आठवड्यात थोरल्यांनी सांगितलं की त्या देशाचा समुद्र हिरवाच आहे, आणि का हिरवा आहे यावर दिवे लागेपर्यंत बोलले. सुभेदार म्हणाले, बिलकुल सही. असल्या शहाण्यांना दिवसातून तीनदा चहा लागायचा, आणि तो साखरेचा लागायचा. साखर रेशनची होती.

चहा करायची आक्का. आक्का म्हणजे थोरल्यांची बायको, माझी थोरली जाऊ. मिरजेच्या पलीकडं, कानडी मुलखाला लागून तिचं गाव. मी नवी आले तेव्हा रीतीप्रमाणं तिला ‘तुमी’ म्हणाले, तर ती म्हणाली, ‘आक्का म्हण गं मला, आन तू म्हण.’ तिला मूलबाळ नव्हतं. हळदीच्या खळ्यात ती तीन बायांचं काम एकटी ओढायची, मान खाली घालून. आणि थोरल्यांनी तिच्याकडं कधी बघितल्याचं मी तरी बघितलं नाही. ते भिंतीकडं तोंड करून ‘पाणी’ म्हणत, आणि पाणी येई. पाणी कोण आणतं, हा प्रश्नही बहुधा लोखंडाचाच असावा.

त्या वर्षी चैत्रात आक्काचं पोट दुखायला लागलं. जेवली की उजव्या कुशीला कळ यायची आणि ती गोठ्यामागं जाऊन वाकून उभी राहायची. सासूबाईंनी ओवा दिला, हिंग दिला. मग तिच्या अंगाला खाज सुटली. ती दाणे काढलेल्या कणसाच्या बुरकुंडानं पाठ खरवडायची. हळदीचे दिवस होते, सगळ्यांचीच अंगं पिवळी. दुसऱ्या कुठल्याही घरात बाई इतकी पिवळी दिसली असती तर शेजारणीनं येऊन विचारलं असतं, अगं, तुला कावीळ झालीय का? आमच्या घरी सासूबाई तिला म्हणाल्या, ‘अंग नीट घासत जा की गं.’ हळदीच्या गावात कावीळ झाली तर ती डोळ्यांत बघायची असते, आणि आक्का मान वर करून कुणाशी बोलतच नव्हती.

ज्येष्ठ संपला. काईल धुऊन पालथी पडली, आमचे हात हळूहळू स्वच्छ झाले. आक्काचे झाले नाहीत. एक दिवस मी तिला चुलीपुढून ओढत दारात उजेडाला आणली आणि हनुवटी धरून तोंड वर केलं. डोळ्यांतलं पांढरं पार पिवळं झालं होतं. विट्याला माझी एक चुलती अशीच पिवळी होऊन गेली होती. मी यजमानांना म्हणाले, ‘आक्काला आजच्या आज मिरजंला दवाखान्यात न्या.’ ते म्हणाले, ‘दादास्नी इचारतो.’

दादांना विचारलं. थोरल्यांनी आक्काला सोप्यात बोलावलं. लग्नाला इतकी वर्षं होऊन गेली, पण बायकोचा चेहरा त्यांनी दिवसाउजेडी त्या दिवशीच पहिल्यांदा बघितला असावा. बराच वेळ ते बघत राहिले. मग घोंगड्यावरून उठले आणि माझ्या डोळ्यांदेखत त्यांनी तिला हात जोडले. ‘पिवळा,’ ते म्हणाले. सुभेदारांनी बसल्या जागी पाठ ताठ केली. मला हसावं का ओरडावं ते कळेना. आक्का दोन्ही हातांत पदर धरून तशीच उभी होती.

दुसऱ्या दिवसापासून आक्का पाटावर. सकाळी तिला पूर्वेकडं तोंड करून बसवायचं, आणि समोर ही मंडळी मांडी घालून. तिला काम सांगायचं नाही, चुलीशी जाऊ द्यायचं नाही. थोरले स्वतः तांब्या भरून तिला पाणी आणून देत, अर्धं वाटेत सांडत. औषध द्यायचं नाही, कारण औषधानं रंग माघारी जातो. तिला खाज सुटली की रंग वर चढतोय. उलटी झाली की आतलं लोखंड बाहेर पडतंय. लघवी काळपट झाली तर शेवटचा काळा निघून चाललाय. असा एकही हाल नव्हता ज्याला थोरल्यांच्या देशात जागा नव्हती. ड्रॉइंग मास्तरांनी घरून एक लोखंडी अडकित्ता आणून तिच्या नजरेसमोर ठेवला, आणि दुसऱ्याच दिवशी येऊन तो उलटासुलटा करून बघायला लागले. पी हळद नि हो गोरी. मला त्या माणसांची किळस आली, आणि आज इतक्या वर्षांनीही ती कमी झालेली नाही. समोर एक बाई वाळत चालली होती, आणि हे अडकित्त्याला रंग चढायची वाट बघत होते.

मी एकदा सोप्यात गेले. दिरांसमोर धाकट्या जावेनं उभं राहून बोलायचं, ही आमच्या घरात न घडलेली गोष्ट. मी म्हणाले, ‘आवं, तिला कावीळ झालीया. अशानं ती मरंल.’

थोरले शांतपणे म्हणाले, ‘पिवळा मरत नाही.’

माझे यजमान खांबाला टेकून उभे होते. त्यांनी खाली बघितलं. सासूबाईंनाही पटत नव्हतं, पण त्यांनी जन्मभर या मुलाला शिकलेला म्हणून मिरवला होता, आता त्याला वेडा कुठल्या तोंडानं म्हणणार?

श्रावण लागता लागता सुभेदारांनी आनंदाची बातमी आणली. त्यांच्या ओळखीनं साताऱ्यात थोरल्यांचं व्याख्यान ठरलं होतं. थोरले बोलणार, आणि शेजारी पाटावर पुरावा म्हणून आक्का. तिला तोवर धड चालवत नव्हतं. रात्री कळा यायच्या, ताप चढायचा, हातपाय थडथड उडायचे. एवढ्या लांबच्या प्रवासानं ती साताऱ्याच्या व्यासपीठावरच जाईल, असं मला स्वच्छ दिसत होतं. मी एकच केलं. भांडण सोडलं, आवाज खाली आणला आणि म्हणाले, ‘आक्काचं बघाया बाईमाणूस लागंल. मी जाते संगट.’ थोरल्यांनी मान हलवली. त्यांना वाटलं, माझाही रंग बदलायला लागला.

आमच्या इथून साताऱ्याकडची गाडी धरायला मिरजेला उतरून गाडी बदलावी लागे. मिरजेला उतरलो. गाडीला अवकाश होता. पुरुषमंडळी चहाला गेली आणि चहावरच आत्मा आधी की रंग आधी, असं काहीतरी सुरू झालं. मी आक्काला म्हणाले, ‘चल, तोंड धुऊन येऊ.’ तिला धरून फाटकाबाहेर काढलं, टांग्यात बसवलं आणि टांगेवाल्याला सांगितलं, ‘मोठ्या दवाखान्यात.’

आक्काच्या थोड्या वेळानं लक्षात आलं. ‘आपुन सातारला न्हाई का जायाचं?’

‘न्हाई.’

‘त्ये वाट बघतील गं.’

‘बघू देत.’

ती उतरायला लागली. एवढी अशक्त बाई, पण टांग्याचा दांडा धरून तिनं पाय खाली टाकला. मी तिला कमरेला धरून मागं ओढली. ‘आक्का, अगं मरशील तू,’ मी म्हणाले. ‘तुला कळतंय का काय झालंय ते? कावीळ हाय ही. तुज्या अंगात काय सोनंबिनं न्हाई.’

‘मला ठावं हाय,’ ती म्हणाली. ‘माजा बाप काविळीनंच गेला. मला चैतातच कळलं हुतं.’

‘मग बोलली का न्हाईस?’

टांगा बाजारातून चालला होता. मग ती म्हणाली, ‘त्ये बघत्यात माज्याकडं. रोज सकाळी उठल्या उठल्या बघत्यात.’

मी तिला घट्ट धरून बसले, दवाखाना येईपर्यंत.

डॉक्टरांनी तिची पापणी खाली ओढली, पोटावर उजवीकडं बोटं दाबली, ती कळवळली. पित्ताच्या पिशवीत खडा आहे, ते म्हणाले, वाट अडली आहे, पोट उघडावं लागेल, आणि फार उशीर केलात. घरच्या पुरुषाला बोलवा. मी स्टेशनवर माणूस धाडला. तो परत आला आणि म्हणाला, मंडळी गाडीत बसून गेली. बायको नाहीशी झाल्याचं थोरल्यांना कळलं होतं. त्यांनी फलाटावर इकडंतिकडं बघितलं, सुभेदारांनी सांगितलं की लोक जमलेले असतील, आणि ते गेले. साताऱ्याला जाऊन ते इतका वेळ बोलले की शेवटी टाळ्या वाजवायलाही कुणी उरलं नाही. साताऱ्याचे लोक टर उडवत नाहीत, नुसते उठून जातात. हे मला पुढं सुभेदारांनीच सांगितलं, आणि त्यांना त्यात काही वावगंही वाटलं नव्हतं.

घरी निरोप गेला. माझे यजमान सायकल हाणत आले, घामानं निथळत. डॉक्टरांनी विचारलं, कापायचं का? त्यांनी माझ्याकडं बघितलं. ‘दादास्नी इचारतो’ हे शब्द त्यांच्या ओठांवर आलेले मला दिसले. मग ते म्हणाले, ‘व्हय. कापा.’ माझ्या नवऱ्याच्या आयुष्यातली तेवढी एक गोष्ट मी कधी विसरणार नाही.

आक्का वाचते की जाते ते बरेच दिवस कळत नव्हतं. ताप उतरेना, टाके चिघळले. मी खाटेखाली पोतं टाकून झोपायची. मग एका सकाळी तिनं पेज मागितली. आणि हळूहळू तिचा पिवळेपणा गेला, आधी तळहातांचा, मग कपाळाचा, सगळ्यात शेवटी डोळ्यांचा.

थोरले आले ते व्याख्यानानंतर तीन आठवडे साताऱ्याला पाहुणचार घेऊन. खाटेशी उभे राहून त्यांनी तिच्याकडं एकदा बघितलं आणि माझ्याकडं वळले. ‘रंग घालवलात,’ म्हणाले. तिला कसं वाटतंय, हे विचारलं नाही. एवढ्यात नर्सनं उशाशी वाटीत ठेवलेला खडा त्यांना दिसला. सुपारीएवढा, पिवळसर तपकिरी, एका बाजूनं गुळगुळीत. नर्स म्हणाली, हाच तो, ह्यानंच बाई पिवळी झाली होती. थोरल्यांनी वाटी दोन्ही हातांनी उचलली. त्यांचा चेहरा असा काही फुलला की मला पुढचं सगळं तिथंच कळून चुकलं. ज्याच्या नुसत्या असण्यानं अंगाला पिवळा रंग चढतो, तो दगड म्हणजे दुसरं काय असणार? परीस.

तो खडा घरी गेला. आक्का दवाखान्यात होती तोवरच त्याची बैठक मांडली गेली. आक्काच्या लग्नातला चांदीचा कुंकवाचा करंडा रिकामा करून त्यात तांबड्या मखमलीवर खडा ठेवला, आणि करंडा त्याच पाटावर, पूर्वेकडं तोंड करून. खड्याला तोंड कुठलं असतं, देव जाणे. मास्तर पुन्हा अडकित्ता घेऊन यायला लागले. थोरल्यांनी देशाच्या शास्त्रात एक नवं प्रकरण घातलं: पिवळा माणूस ही नुसती मूस, खरं तत्त्व मुशीत तयार होतं आणि मूस मग टाकून द्यायची असते. सुभेदार म्हणाले, बिलकुल सही.

आक्का भाद्रपदात घरी आली. उंबऱ्यावर सासूबाईंनी भाकरतुकडा ओवाळून टाकला आणि पदर डोळ्यांना लावला. सोप्यातून आत जाताना आक्का पाटापाशी जरा थांबली. थोरले करंड्याकडं बघत बसले होते. त्यांनी वर बघितलं नाही. ‘पाणी,’ ते भिंतीला म्हणाले. आक्कानं आत जाऊन तांब्या भरला.

पुढं आठवड्यानं आम्ही दोघी चुलीपुढं होतो. मी पीठ मळत होते, ती भाकरी थापत होती. सोप्यात खड्यावर व्याख्यान चाललं होतं आणि आम्हाला शब्द न् शब्द ऐकू येत होता. आक्का थापता थापता थांबली.

‘आपरेशनात समदंच काढत्यात न्हवं गं?’ ती म्हणाली. ‘का एखादा खडा ऱ्हात आसंल पोटात?’

‘काय बी न्हाई ऱ्हायलं,’ मी म्हणाले. ‘समदं साफ केलंय, डाक्टर म्हणालं मला. भिऊ नगं तू.’

तिनं तव्यावरच्या भाकरीला पाणी लावलं. भाकरी उलटली.

‘भीत न्हाई गं,’ ती म्हणाली. ‘आसंल तर बरं, म्हणून इचारलं.’